निरोपाचा विडा

जनरलसाहेब आमच्या शेजारी राहायला आले तेव्हा त्यांच्या सामानात घोडा सोडून घोड्याचं सगळं होतं. खोगीर, लगाम, अंग घासायचा खरारा, चंदीचा तोबरा, पाठीवरची झूल. थाटीपुरातलं दोन खोल्यांचं सरकारी क्वार्टर, पुढे हातभर अंगण, मागे मोरी. त्यात हे सगळं मावणार कुठे? मी खिडकीतून बघत होते. म्हटलं, बाई गं, आता आपल्या शेजारी तबेला होणार!

"हळू बोल," हे म्हणाले. "जनरल सोळसकर आहेत ते. ग्वाल्हेरचा घोड्यांचा रिसाला यांच्या इशाऱ्यावर चालायचा."

"मग इथे काय करताहेत? आपल्यासारख्या कारकुनांच्या रांगेत?"

"रिसाला मोडला ना. तू पण काय विचारून राहिली आहेस!"

मी सांगलीची. लग्न होऊन ग्वाल्हेरला आले तेव्हा इथल्या मराठी माणसांचं 'करून राहिलो' आणि 'बोलून राहिली' ऐकून मला हसू आवरायचं नाही. आता मीच तशी बोलते आणि सांगलीची माणसं मला हसतात. असो. माझं राहू द्या, सांगायचं आहे जनरलसाहेबांचं.

संस्थान विलीन झालं, मध्यभारत झाला, आणि फौजेचीही नवी मांडणी झाली. तरणे अधिकारी हिंदुस्थानच्या फौजेत गेले. बाकीच्यांना पेन्शन मिळाली. घोड्यांच्या पलटणी मोडल्या, कारण आता मोटारींचे आणि रणगाड्यांचे दिवस आले होते. जनरलसाहेबांना फौजेचा बंगला सोडावा लागला. जन्मभर बंगला होता, तेव्हा स्वतःचं घर बांधायचं त्यांच्या डोक्यातच आलं नव्हतं. जयेंद्रगंजात थोडे दिवस भाड्यानं काढले, मग कुणीतरी खटपट करून हे क्वार्टर मिळवून दिलं.

माझ्या मनातला जनरल म्हणजे धिप्पाड, गलमिशा, आवाज असा की भांडी हलावीत. हे तर मुठीएवढे! अंगानं काटक, पाय गुडघ्यापासून बाहेर वाकलेले, आवाज मऊ. बंद गळ्याचा कोट घालायचे, कोपरावर रफू केलेला, पण त्याची घडी कधी मोडलेली दिसली नाही. मला 'सूनबाई' म्हणायचे आणि स्वतःला 'आम्ही'. पहिल्या दिवशी मी चहा घेऊन गेले तर उभे राहिले. मी बसेपर्यंत बसले नाहीत. माझ्या उभ्या आयुष्यात कुणी पुरुष माणूस माझ्यासाठी उठून उभा राहिला नव्हता, हे काही खोटं नाही.

बाईसाहेब, म्हणजे त्यांच्या मंडळी, त्यांच्यापेक्षा बोटभर उंचच होत्या. गोऱ्या, कपाळावर चिरी, आणि जिभेला धार. नवऱ्याला त्या 'स्वारी' म्हणायच्या. "स्वारीला आज भेंडी नको आहे," "स्वारी आज टांग्यांच्या पाहणीला गेली आहे."

ही टांग्यांची पाहणी म्हणजे एक तमाशाच होता. सकाळी उजाडलं की जनरलसाहेब मुरारच्या रस्त्यावरच्या टांगा स्टँडवर जायचे. तिथे टांगेवाले घोडे जुंपत असायचे. हे एकेका घोड्याच्या डाव्या बाजूनं जायचे, मानेवर थाप मारायचे, पाय उचलून खूर बघायचे, जिभेचा रंग बघायचे. बशीर म्हणून एक टांगेवाला होता, आमच्या घरी नेहमी यायचा. एकदा तो घोडा उन्हात सोडून स्वतः चहा पीत बसला होता. जनरलसाहेबांनी त्याच्या हातातली कपबशी काढून घेतली.

"पहले इसे पानी पिलाया?"

"हुजूर, अभी पिलाता हूँ, चाय ठंडी हो जाएगी..."

"होने दे. पहले घोड़ा, फिर आदमी, फिर अफ़सर."

बशीर उठला, पाणी पाजलं, तोवर जनरलसाहेब त्याची कपबशी हातात धरून उभे. मग त्यांनी ती त्याला परत दिली. आता तुम्ही म्हणाल, टांगेवाले कुरकुर करत असतील. उलट! एखाद्या दिवशी स्वारी आली नाही तर बशीर दारात चौकशीला हजर.

प्रत्येक गोष्टीला डावीकडून जायची त्यांची खोडच होती. घोड्यावर डावीकडून चढतात म्हणून हे खाटेवर डावीकडून, टांग्यात डावीकडून, न्हाव्याच्या खुर्चीवरसुद्धा डावीकडून. आमच्या यांनी एकदा त्यांना सायकल शिकवायचा घाट घातला. मैदानावर गल्ली लोटली. जनरलसाहेबांनी सायकलच्या हँडलवर थाप मारली, डावीकडून टांग टाकली आणि दहा हात जाऊन बाभळीत पडले. उठले, कोट झटकला, सायकल उभी केली आणि म्हणाले, "जनावर चांगलं आहे. तोंडाचं कडक आहे." पोट धरधरून हसलो आम्ही. तेही हसले, पण पुन्हा काही सायकलवर बसले नाहीत.

हे सगळं गमतीचं. गंमत संपली ती तिघऱ्याच्या सहलीला.

आमच्या रांगेतल्या चार घरांनी मिळून तिघऱ्याच्या तलावावर जायचं ठरवलं. ट्रक ठरवला, पुरणपोळ्या केल्या, सतरंज्या घेतल्या. जनरलसाहेब आणि बाईसाहेबही आले. सगळी गाणी म्हणत निघाली. शहर संपलं, जकातीचा नाका आला, आणि जनरलसाहेबांनी ड्रायव्हरच्या टपावर हात मारला. ट्रक थांबला. हे खाली उतरले.

"आपण पुढं व्हावं," ते म्हणाले. "इथून पुढं आम्हाला रजा लागते."

मला वाटलं, थट्टा करताहेत. पण बाईसाहेबही त्यांच्यामागे उतरल्या. मी म्हटलं, "अहो, कसली रजा? कुणाची?" आम्ही खूप विनवलं, मग नाइलाजानं पुढे गेलो. संध्याकाळी परत आलो तर दोघं त्याच कडुलिंबाखाली बसलेले. पुढे पांढरा रस्ता सरळ तिघऱ्याकडे गेलेला, आणि जनरलसाहेब त्या रस्त्याकडे बघत होते. बाईसाहेबांच्या ओठांना उन्हानं चिरा पडल्या होत्या. माझं तर डोकंच सणकलं.

दुसऱ्या दिवशी मेथी निवडायच्या निमित्तानं मी बाईसाहेबांना गाठलं. "हे काय प्रकरण आहे ते मला आज कळलंच पाहिजे," म्हटलं. "माणूस पेन्शनीत निघाला तरी रजा मागतो? आणि कुणाकडे?"

बाईसाहेबांनी मेथीची जुडी खाली ठेवली.

"तुमच्यात लग्नात निघताना पानसुपारी देतात ना?"

"देतात की."

"आमच्या रिसाल्यात तसा निरोपाचा विडा असायचा. मोहिमेवरनं या, दसऱ्याच्या हजेरीवरनं या, परेड कितीही मोठी होवो. शेवटी वरिष्ठानं सरदाराच्या हातात विडा ठेवायचा आणि म्हणायचं, 'कामगिरी पार पडली, निरोप आहे.' मग सरदारानं घोड्यावरनं उतरायचं. तोवर शिपाई उतरतील, घोडे पाण्यावर जातील, सरदार खोगिरावरच. आणि विडा घ्यायचा तो उघड्या हातानं. हातमोजा काढून."

रिसाला मोडला त्या दिवशी बाईसाहेब परेडच्या मैदानाच्या कडेला टांग्यात बसून होत्या. दुपारपर्यंत संपेल म्हणून डबा घेऊन गेल्या होत्या. शेवटची परेड झाली. निशाण उतरलं. शिपाई उतरले, घोड्यांच्या दोऱ्या बाहेरच्या माणसांच्या हातात दिल्या, कारण घोडे आता दुसरीकडे जायचे होते. सगळा कारभार बघायला बाहेरून एक अधिकारी आलेला होता. भला माणूस, तरुण, घाईत. तो जनरलसाहेबांच्या घोड्याजवळ आला. जनरलसाहेबांनी उजव्या हाताचा मोजा काढला आणि हात पुढे केला.

"आणि त्या पोरानं," बाईसाहेब म्हणाल्या, "तो हात धरून हलवला. त्याला वाटलं, साहेब हस्तांदोलन करताहेत. 'थँक यू, जनरल' म्हणाला आणि जीपमध्ये बसून गेला. त्याची काय चूक गं? त्याला कुणी सांगितलं होतं? सांगणाऱ्यांना वाटलं, हे काय सांगायचं, हे तर जगाला ठाऊक असतं."

"मग?"

"मग काय. मैदान रिकामं झालं. स्वारी घोड्यावर. हात तसाच पुढं. मी डबा घेऊन गेले, म्हटलं उतरावं आता. 'विडा यायचा आहे,' म्हणाले. ऊन कललं. कुणाची छाती होईना बोलायची. शेवटी मीच म्हटलं, घोडा तहानला आहे. तेव्हा खाडकन उतरले. पण मला म्हणाले, 'आम्ही घोड्यासाठी उतरलो. हे उतरणं धरू नका.'"

मला हसावं की रडावं कळेना. इतकी वर्षं हा माणूस मनानं त्या मैदानात खोगिरावर बसलेला होता. निरोप नाही म्हणजे कामगिरी संपलेली नाही, आणि कामगिरीवरच्या माणसानं छावणी सोडून जायचं नसतं. छावणीची हद्द त्यांनीच आखून घेतली होती: इकडे जकातीचा नाका, तिकडे मुरारची नदी, आणि स्टेशनात फलाटाच्या टोकापर्यंत. कुणी पहारेकरी नव्हता, कुठे दार नव्हतं. तरी कैद ती कैदच.

"त्यांचं सोडा," मी म्हटलं. "आपण का उतरलात ट्रकमधून?"

"स्वारी कामगिरीवर असताना घरच्या बाईनं गाव सोडायचं नाही. आमच्यात तसंच आहे. सासूबाईंनी पाळलं, त्यांच्या सासूबाईंनी पाळलं. मामंजी लढाईवर असताना सासूबाईंचे वडील वारले, तर त्या माहेरी गेल्या नाहीत." मग मेथी पुन्हा हातात घेत त्या हळूच म्हणाल्या, "आमची शालन नागपूरला आहे. तिचं घर मी अजून पाहिलं नाही गं, विमल. स्वयंपाकघर कुठल्या बाजूला आहे तेही मला ठाऊक नाही."

शालन त्यांची एकुलती एक. रिसाला मोडायच्या थोडं आधी तिचं लग्न झालेलं, जावई कॉलेजात शिकवायचे. ती दोनदा येऊन गेली होती. बापावर चिडलेलीच असायची. बाईसाहेबांच्या जिवाला एकच लागून राहिलं होतं, एकदा लेकीच्या घरी जायचं, तिच्या हातचं खायचं. आणि त्यांना धाप लागायची. दर थंडीत थोडी जास्त.

मी जनरलसाहेबांवर मनातून दात खाऊन होते. पण त्यांची बाजू मला एका दुपारी कळली, तीही घोड्यावरून. मी विचारलं, आपण चौदा सालच्या मोठ्या लढाईला परदेशी गेला होतात ना, तिकडचं काही सांगा. आमच्या रांगेतल्या पोरांनी विचारलं की ते नेहमी टाळायचे. त्या दिवशी बोलले.

"वाळू, सूनबाई. वाळू आणि तहान. आमच्याकडं भीमथडीची एक घोडी होती, काळी. तिनं आम्हाला कितीदा वाचवलं त्याचा हिशेब नाही. लढाई संपली, जहाज आलं. माणसांना जागा होती, घोड्यांना नव्हती. तिकडंच राहिले सगळे. काही विकले. काही विकण्यासारखे नव्हते, त्यांचं आम्हालाच बघावं लागलं, एकेका गोळीनं. आपापला घोडा ज्यानं त्यानं बघायचा, असं आम्ही ठरवलं होतं."

मी त्यांच्यापुढे पाण्याचा पेला सरकवला.

"जहाजावर झोप येईना. मुंबईला उतरलो तरी येईना. कान तिच्या खिंकाळण्याकडं. ग्वाल्हेरच्या स्टेशनावर बुजुर्ग सरदार आले होते. त्यांनी फलाटावर आमच्या हातात विडा ठेवला. 'पोरा, कामगिरी पार पडली, निरोप आहे.' तो खाल्ला, तोंड रंगलं, आणि त्या रात्री आम्ही झोपलो. विड्यानं होतं, सूनबाई. आपल्या मनानं संपवायचं म्हटलं तर संपत नाही."

त्या दिवसापासून माझा राग निम्मा झाला. निम्मा मात्र राहिला, कारण तिकडे बाईसाहेब खोकत होत्या.

आमच्या यांनी मग आपल्या परीनं उपाय केला. जयेंद्रगंजात एक म्हातारे सरदार राहायचे, एके काळी फौजेत जनरलसाहेबांचे वरिष्ठ. हे त्यांना भेटले, सगळं सांगितलं. ते बिचारे लगेच तयार. पगडी घालून, चांदीच्या तबकात विडा घेऊन बशीरच्या टांग्यातून आले. जनरलसाहेबांनी त्यांना वाकून मुजरा केला, खुर्ची दिली, तबक बघितलं आणि आदरानं विचारलं, "दादासाहेब, आपल्याला मिळाला?"

"काय?"

"निरोपाचा विडा. आपल्याला कुणी दिला?"

म्हाताऱ्याच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं. त्यानं तबक खाली ठेवलं. दोघं बराच वेळ बसून राहिले, सुपारी कातरत जुन्या घोड्यांची नावं काढत. जाताना म्हातारा आमच्या यांना म्हणाला, "तुम्ही आमची पण झोप घालवली, बेटा." तो विडा त्या तबकातच सुकला.

त्याच वर्षी जावई गेले. अचानक. तार आली तेव्हा मी तिथेच होते. बाईसाहेब मटकन खाली बसल्या. जनरलसाहेब भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. मी वाट बघत होते की आता तरी म्हणतील, चला, सामान बांधा. तसं काही म्हणाले नाहीत. त्यांनी बशीरला बोलावून आणलं, आमच्या यांना विनंती केली की तुम्ही नागपूरला जाऊन या, पोरीच्या डोक्यावर हात ठेवून या. स्वतः टांग्याबरोबर स्टेशनापर्यंत चालत गेले आणि फलाटाच्या टोकाला उभे राहिले.

हे परत आले ते शालनचा निरोप घेऊन. "बाबांना सांगा, आता मी येणार नाही. यायचं असेल तर त्यांनी यावं."

माझा संयम सुटला. तोंडाची मी पहिल्यापासून फटकळ. सरळ त्यांच्या अंगणात गेले आणि म्हटलं, "विडाच पाहिजे ना आपल्याला? सराफ्याच्या तोंडाशी पानवाला बसतो. आत्ता घेऊन येते. दहा आणते! एका पानासाठी लेक तुटली, बायको झिजली, अजून किती जणांना बसवून ठेवणार आहात त्या मैदानात?"

ते रागावले असते तर मला बरं वाटलं असतं. ते उठून उभे राहिले, नेहमीसारखे, आणि मऊ आवाजात म्हणाले, "पान मिळेल, सूनबाई. देणारा कुठून आणाल?" आणि मी बघितलं, त्यांचे डोळे भरून आलेले. मी पाय आपटत घरी आले आणि भांडी आदळत बसले. चिडायचं कुणावर तेच मला कळेना.

मग राज्यांची पुनर्रचना झाली, मध्यभारतही गेला. भोपाळ राजधानी झाली आणि कचेऱ्या हलल्या. आमच्या रांगेत रोज कुणाचं ना कुणाचं सामान बांधलं जाऊ लागलं. यांचीही बदली झाली. मी पोलपाट, वरवंटा, लोणच्याच्या बरण्या बांधत होते, तेव्हा बाईसाहेब भिंतीला धरत धरत आल्या. चार पावलांत धाप लागली होती.

"तुमची गाडी पुढं नागपूरला जाते ना?"

"जाते की."

"बरं," म्हणाल्या. "उद्या दुपारी जरा आमच्याकडं ये. साक्षीला कुणी हवं."

दुसऱ्या दिवशी मी गेले. बाईसाहेबांनी ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसलं होतं, नाकात नथ. जनरलसाहेब टांग्यांची पाहणी करून नुकतेच आले होते. बाईसाहेबांनी पानं घेतली, शिरा काढल्या, चुना-कात लावला, सुपारी, वेलदोडा घातला, घडी घातली आणि लवंग टोचली. विडा तबकात ठेवून तबक त्यांच्यापुढे धरलं.

जनरलसाहेब मागे सरले. "बाई, आपण आम्हाला देऊ शकत नाही. आपल्याला ठाऊक आहे."

"आपल्याला कोण देतंय?" बाईसाहेब म्हणाल्या. "मी मागायला आले आहे. मला द्यावा."

बाईसाहेबांनी तबक तसंच पुढे धरून ठेवलं.

"स्वारी कामगिरीवर, म्हणून मीही कामगिरीवर. इतकी वर्षं गाव सोडलं नाही. आपला वरिष्ठ कुणी उरला नसेल, पण माझे वरिष्ठ आहेत ना समोर उभे? की तेही विलीन झालं?"

मी पदर तोंडात कोंबला.

जनरलसाहेबांचा चेहरा त्या वेळी कसा झाला ते मला अजून दिसतं. त्या मैदानात आपल्या शेजारी दुसरंही कुणी ताटकळत उभं आहे, हे त्या माणसाच्या ध्यानातच आलं नव्हतं. खरंच नव्हतं! वाईट माणूस नव्हता तो. घोड्याची तहान त्याला लांबून कळायची.

"आम्ही आपल्याला..." ते म्हणाले आणि थांबले. मग कोटाची बटणं लावली, ताठ झाले, तबकातला विडा उचलला. बाईसाहेबांनी बांगड्या मागे सारून हात पुढे केला. त्यांनी विडा हातावर ठेवला.

"कामगिरी पार पडली. निरोप आहे."

जे शब्द ऐकायला ते इतकी वर्षं थांबले होते, ते त्यांना स्वतःच्या तोंडून ऐकावे लागले. बाईसाहेबांनी विडा खाल्ला नाही. पदराच्या टोकाला बांधला आणि आत जाऊन ट्रंक भरायला घेतली.

गाडी सकाळची होती. बशीरच्या टांग्यात ट्रंक, बाईसाहेब, मी. जनरलसाहेब टांग्याच्या डाव्या बाजूनं चालत. चाकांबरोबर पावलं टाकत होते. मी म्हटलं, बसा की वर. "घोड्याला ओझं होतं," म्हणाले. त्यांनी पांढरे हातमोजे घातले होते. इतक्या वर्षांत मी ते पहिल्यांदा पाहत होते. धुऊन धुऊन पिवळसर पडले होते, पण इस्त्री केलेले.

फलाटावर आमच्या पोरांचा गोंधळ, यांची हमालाशी हुज्जत. बाईसाहेब खिडकीशी बसल्या. जनरलसाहेब खिडकीखाली उभे. "पाणी घेतलं?" "घेतलं." "शालनला..." "सांगेन." मी न राहवून म्हटलं, "जनरलसाहेब, चला ना वर. तिकीट गाडीतही काढता येतं." ते हसले आणि त्यांनी फलाटाच्या टोकाकडे बघितलं, जिथे त्यांची हद्द संपत होती. मग बायकोकडे बघितलं. त्या नजरेत काय नव्हतं! पाय उचलायची इच्छा होती, आणि पाय उचलत नव्हता. मला त्या माणसाची इतकी दया कधी आली नव्हती.

शिट्टी झाली. बाईसाहेबांनी पदराची गाठ सोडली, विडा काढला आणि अर्धा दातांनी तोडला. लग्नात नवरानवरी विडा तोडतात ना, अगदी तसा. या वयात, भर फलाटावर! उरलेला अर्धा चिमटीत धरून त्या म्हणाल्या, "हात पुढं करावा."

जनरलसाहेबांनी सवयीनं उजव्या हाताचा मोजा काढला. मोजा काढल्यावर त्यांना कळलं आपण काय केलं ते. पण हात पुढे झालेला होता. बाईसाहेबांनी खिडकीतून वाकून त्या उघड्या तळव्यावर अर्धा विडा ठेवला.

"निरोप आहे," त्या म्हणाल्या. "घ्यायचा नसला तर घेऊ नये. मी दिला आहे."

गाडी हलली. ते तळव्याकडे बघत होते. खाणार, की टाकणार? मी खिडकीच्या गजांना नाक लावून बघत होते. त्यांनी मूठ मिटली. गाडीनं वेग घेतला तसे ते ताठ झाले, सलाम करायला उजवा हात कपाळाशी नेला, आणि मूठ काही उघडली नाही. मिटल्या मुठीचा सलाम कुठल्याच फौजेत नसतो, एवढं मलाही कळत होतं. ज्या माणसानं जन्मात एक बटण चुकीचं लावलं नाही, तो भर फलाटावर कपाळाला मूठ लावून उभा होता, आणि गाडी दिसेनाशी होईपर्यंत तसाच उभा राहिला.

बाईसाहेबांचे ओठ लाल झाले होते. त्यांनी माझा हात घट्ट धरला.

"बघितलंस ना, विमल?" त्या म्हणाल्या, आणि हसता हसता त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहायला लागलं. "सलाम चुकला गं स्वारीचा."